समुद्र सोडून नदीत शिरणारी मुशी

गेल्या उन्हाळ्यात आमच्या धर्मग्रामातील एका वयस्क बाईंनी आम्हांस बाजाराच्या वाटेवर थांबवून एक प्रश्न विचारला. गोव्याकडून घाट चढून आलेल्या मासळीतून त्यांनी मुशीचे चार तुकडे विकत घेतले होते आणि घरी पोहोचण्यापूर्वीच त्यांस असा काही उग्र दर्प सुटला होता की, पिशवी हातात धरवेना. "फादर," त्या म्हणाल्या, "बांगडा नासला तर त्याचा वास निराळा. या मुशीला मात्र नवसागराचा वास येतो. ती मासळीवाली हिच्यात काही घालते की काय?"

मासळीवालीचा यात काडीमात्र दोष नाही, तो वास मुशीच्या रक्तमांसातूनच निघतो, असे आम्ही त्यांस सांगितले. बाईंचे समाधान झालेले दिसले नाही. रस्त्यात उभ्याउभ्या याहून अधिक सांगणे आम्हांसही जमले नाही. परंतु त्या नवसागराच्या वासाचा धागा धरून पुढे गेले असता मनुष्य कोठवर जाऊन पोहोचतो, हे आमच्या वाचकांस सांगावे असे तेव्हापासून मनात होते. हा धागा गोव्याच्या किनाऱ्यावरून निघतो, थेट मध्य अमेरिकेतील एका विशाल सरोवरापर्यंत जातो आणि परत येतो तो मुंबईच्या ससून गोदीत.

मुशी म्हणजे शार्क; गोव्यात हिलाच मोरी म्हणतात, आणि तिची आंबटतीख आमच्या पुष्कळ वाचकांच्या घरी सणावारी होत असेल. हिच्या पाचशेहून अधिक जाती जगात आहेत आणि त्यांतील बहुतेक सर्व खाऱ्या पाण्यातच जन्मतात, वाढतात व मरतात. गोड्या पाण्यात घातल्यास त्या थोड्याच वेळात प्राणास मुकतात. हे असे का, ते समजण्यास प्रयोगशाळेची आवश्यकता नाही. कैरीच्या फोडींना मीठ चोळून ठेवले म्हणजे तासाभरात भांड्याच्या तळाशी पाणी साचते, हे प्रत्येक गृहिणीस ठाऊक आहे. बाहेर क्षार अधिक आणि आत कमी असले की, आतील पाणी पातळ पडद्यातून बाहेर ओढले जाते. उलट साध्या पाण्यात घातलेले मनुके टम्म फुगतात, कारण तेथे दाट रस आत असतो आणि पाणी त्याच्याकडे धाव घेते. समुद्राच्या एक लिटर पाण्यात सुमारे ३५ ग्रॅम क्षार असतात. बांगडा किंवा सुरमई यांच्या रक्तात त्याच्या तिसऱ्या हिश्श्याइतकेच क्षार असल्याने त्यांची स्थिती त्या कैरीच्या फोडीसारखी असते. चहूकडे पाणी असून त्यांचे अंग सदैव सुकत असते. म्हणून ते समुद्राचे पाणी पितात आणि त्यातील जादा मीठ कल्ल्यांवाटे बाहेर टाकतात.

मुशीने या संकटावर निराळाच तोडगा काढला आहे. आपल्या शरीरात अन्न पचताना युरिया नावाचा जो टाकाऊ पदार्थ तयार होतो, तो आपण मूत्रावाटे टाकून देतो. मुशी तो टाकत नाही. ती तो रक्तात साठवून ठेवते. हा युरिया आणि त्याच्या दाहक गुणास आवर घालणारा दुसरा एक पदार्थ यांच्या योगे तिचे रक्त समुद्राच्या पाण्याइतकेच, किंबहुना किंचित अधिक दाट होते. मग पाणी बाहेर ओढले जाण्याचे कारणच उरत नाही, आणि मुशीस समुद्राचे पाणी प्यावे लागत नाही. खाण्यातून व कल्ल्यांतून जे जास्तीचे मीठ शरीरात येते, ते बाहेर टाकण्यासाठी तिच्या आतड्याच्या शेवटी एक लहानशी ग्रंथी असते. दुसऱ्याने उकिरड्यावर फेकलेल्या वस्तूवर संसार उभा करावा, असा हा प्रकार आहे. मुशी मेल्यावर सूक्ष्म जंतू या युरियाचे रूपांतर अमोनियात करतात, आणि अमोनिया म्हणजेच आमच्या बाईंना आलेला नवसागराचा वास. मुशी ताजी असतानाच साफ करून घ्यावी व तिला चिंच-आमसुलाची आंबट जोड द्यावी हा जुन्या स्वयंपाकिणींचा नियम किती शहाणपणाचा आहे, हे यावरून दिसेल. आंबटाने अमोनिया मारला जातो.

आता अशी ही युरियाने भरलेली मुशी नदीत शिरली तर काय होईल? तिचे मनुके होतील. बाहेर गोडे पाणी, आत दाट रक्त. पाणी चोहोंकडून आत घुसेल आणि अंगातील क्षार बाहेर झिरपतील. म्हणूनच समुद्रातील मुशी नदीच्या मुखाशी आली की मागे फिरते. फक्त मोजक्याच जाती मागे फिरत नाहीत, आणि त्यांत अग्रेसर आहे ती बुल शार्क. बोथट, आखूड तोंड, भरदार मान, एकंदर बांधा खिल्लारी बैलासारखा. त्यावरून तिला हे नाव पडले. मादी नराहून मोठी असते व साडेतीन मीटरपर्यंत वाढते. दक्षिण आफ्रिकेत हिलाच झांबेझी नदीवरून झांबेझी शार्क म्हणतात. मनुष्यावर हल्ला केल्याची नोंद ज्या मुशींच्या नावे सर्वांत अधिक आहे, त्या तिघींत हिची गणना होते. आंघोळीला, कपडे धुवायला लोक जेथे उतरतात, त्याच गढूळ व उथळ पाण्यात ही वावरते, हे त्याचे एक कारण असावे.

मध्य अमेरिकेत निकाराग्वा नावाचा देश आहे. त्याच्या पोटात त्याच नावाचे एक सरोवर आहे, त्याचे क्षेत्रफळ सुमारे ८,००० चौरस किलोमीटर, म्हणजे आपल्या गोवा राज्याच्या दुपटीहून अधिक. पाणी निखळ गोडे. मध्येच ओमेतेपे नावाचे बेट असून त्यावर दोन ज्वालामुखी पर्वत जोडीने उभे आहेत. काठावर ग्रानादा हे स्पॅनिश लोकांनी १५२४ साली वसविलेले शहर आहे. अशा या गोड्या सरोवरात, समुद्रापासून इतक्या दूर, मुश्या राहतात. नुसत्या मुश्याच नव्हे, तर ज्यांच्या नाकाडाला दातेरी करवत असते ते करवतमासेही राहतात.

पंडितांना हे कोडे फार दिवस छळीत होते. १८७७ साली गिल व ब्रॅन्सफर्ड या अमेरिकन संशोधकांनी या सरोवरातील मुशी ही जगात अन्यत्र न आढळणारी स्वतंत्र जात आहे असे जाहीर करून तिला निकाराग्वाचे नाव दिले. ती तेथे आली कशी? याचे उत्तर मोठे नाट्यपूर्ण देण्यात आले. सरोवराची पश्चिम बाजू प्रशांत महासागरापासून जेमतेम वीस किलोमीटरवर आहे. फार प्राचीन काळी हे सरोवर त्या महासागराचे एक आखात असले पाहिजे; ज्वालामुखींच्या उद्रेकांनी त्याचे तोंड बुजले, मासे आत कोंडले गेले, पुढे पावसाने पाणी हळूहळू गोडे होत गेले आणि कैदेतील मुश्या पिढ्यान्‌पिढ्या त्यास सरावत गेल्या, असा तो तर्क होता. तर्क इतका सुंदर होता की, तो खोटा असेल असे फारसे कोणाच्या मनात येईना. आम्हांसही शाळकरी वयात एका जुन्या पुस्तकात तो वाचल्याचे स्मरते, आणि त्या कोंडलेल्या मुश्यांची दयाही आली होती.

वास्तविक सरोवराला एक दार होते आणि ते सर्वांना दिसत होते. सरोवराच्या आग्नेय टोकास सान हुआन नावाची नदी निघते व सुमारे १९० किलोमीटर वाहत जाऊन पूर्वेकडील कॅरिबियन समुद्रास मिळते. सरोवराची पातळी समुद्राहून सुमारे ३२ मीटरच उंच आहे. तथापि या नदीत ठिकठिकाणी खडकाळ धावत्या आहेत, पाणी फेसाळत, आदळत खाली येते, आणि त्यातून मुशी वर चढणे अशक्य, असे धरून चालले होते. यांतील एका धावतीपाशी स्पॅनिश लोकांनी सतराव्या शतकात एक किल्ला बांधला व त्याला अमलोद्भव मातेचे नाव दिले. १७८० साली इंग्रजांनी तो घेतला, त्या स्वारीत पुढे जगप्रसिद्ध झालेला नेल्सन हा अवघ्या एकवीस वर्षांचा अधिकारी होता. किल्ला मिळाला, पण तापाने इंग्रजांची इतकी माणसे मेली की, तो सोडून जावे लागले. ज्या नदीतून सैन्य वर चढले त्याच नदीतून मासा वर चढू शकेल की नाही, हे पाहण्यास मात्र आणखी जवळजवळ दोनशे वर्षे जावी लागली.

१९६१ साली बिगेलो व श्रोडर या मत्स्यशास्त्रज्ञांनी सरोवरातील आणि समुद्रातील नमुने ताडून पाहिले व निकाराग्वाची मुशी म्हणून जी समजली जाते ती साधी बुल शार्कच आहे असा निर्णय दिला. जात एकच ठरली. पण ये-जा होते हे सिद्ध व्हावयाचे होते. ते काम अमेरिकेतील नेब्रास्का विद्यापीठाचे प्राध्यापक थॉमस थॉर्सन यांनी अंगावर घेतले. १९६६ साली त्यांनी व त्यांच्या साहाय्यकांनी दाखवून दिले की, नदीतील धावत्या मुशीला अडवतील अशा नाहीतच. आणि मग त्यांनी जे केले ते कोणत्याही शेतकऱ्यास सहज समजेल असे होते. गुरांच्या कानांत बिल्ला मारावा तसे त्यांनी मुश्यांना क्रमांकाचे बिल्ले अडकवून पुन्हा पाण्यात सोडले. काही नदीच्या मुखाशी सोडल्या, काही सरोवराच्या बाजूस. पुढे कोळ्यांच्या गळास व जाळ्यात त्या पुन्हा सापडू लागल्या, तेव्हा मुखाशी सोडलेल्या सरोवरात निघाल्या आणि सरोवराकडच्या समुद्रात निघाल्या. काहींनी तो सारा प्रवास अवघ्या सात ते अकरा दिवसांत केला होता. १९७१ साली ही हकीकत प्रसिद्ध झाली आणि कोंडलेल्या मुश्यांची सुंदर कथा संपली. कैदी नव्हतेच, दार उघडे होते आणि प्रवासी आपल्या मर्जीने ये-जा करीत होते.

आता या प्रवाशाच्या शरीरात काय घडते तेही सांगितले पाहिजे. बुल शार्क नदीत चढू लागली की, तिच्या रक्तातील युरिया जवळजवळ निम्म्यावर येतो. ऑस्ट्रेलियातील ब्रिस्बेन नदीच्या मुश्यांवर तेथील संशोधकांनी याची मोजदाद केली आहे. मीठ बाहेर टाकणाऱ्या ग्रंथीचे काम मंदावते. मूत्रपिंडे उलट रात्रंदिवस राबू लागतात व आत घुसणारे पाणी पातळ मूत्राच्या रूपाने कित्येक पट अधिक प्रमाणात बाहेर काढतात. कल्ले, जे समुद्रात मीठ टाळीत होते, ते नदीच्या अळणी पाण्यातून मिठाचा कण अन् कण वेचून आत घेऊ लागतात. इतके करूनही तिचे रक्त नदीच्या पाण्याहून पुष्कळच दाट राहते, म्हणजे ही झुंज तिला अखंड चालू ठेवावी लागते. त्यातच गोडे पाणी खाऱ्याइतके अंग उचलून धरीत नाही. इतर माशांच्या पोटात असते तशी हवेची पिशवी मुशीला नसते. तिची सारी भिस्त तेलाने भरलेल्या यकृतावर. त्यामुळे नदीत बुडण्याकडे असलेली तिची ओढ समुद्रातल्यापेक्षा दुप्पट-तिप्पट होते, आणि तरंगून राहण्यास तिला अधिक कष्ट पडतात.

मग इतका खर्च सोसून ती नदीत जाते कशाला? पोरांसाठी, असे उत्तर आज बहुतेक जाणकार देतात. बुल शार्कची मादी दहा-अकरा महिने गर्भ वाहते व नदीच्या मुखाशी येऊन जिवंत पिल्ले प्रसवते. एका वेळी एकापासून तेरापर्यंत. पिल्लू जन्मतः हातभर लांबीहून थोडे मोठे असते. समुद्रात त्याला गिळावयास मोठ्या मुश्या टपलेल्या असतात, त्यांत त्याच्याच जातीच्याही आल्या. नदीच्या अळणी पाण्यात त्यांच्यापैकी फारच थोड्या त्याच्या मागे येऊ शकतात. तेथे ते काही वर्षे काढते आणि अंगाने भरले की समुद्राची वाट धरते.

या दोन्ही दरवाज्यांची किल्ली जपून ठेवण्याचे महत्त्व दुसऱ्या एका प्राण्याकडे पाहिले असता कळते. दक्षिण अमेरिकेतील ॲमेझॉनसारख्या नद्यांत वागळीच्या काही जाती आहेत. वागळी ही मुशीची नातलगच. यांचे पूर्वज फार पूर्वी समुद्रातून नदीत आले व तेथेच रमले. थॉर्सन यांनीच १९६७ साली दाखविले की, यांच्या रक्तात युरिया जवळजवळ उरलेलाच नाही. तो साठविण्याची विद्याच त्या विसरल्या आहेत. आता त्यांना हळूहळू खाऱ्या पाण्यात नेले तरी ती विद्या परत येत नाही, आणि समुद्र त्यांना कायमचा बंद झाला आहे.

बुल शार्कच्या भटकंतीच्या कथा अनेक आहेत. सर्व येथे देता येणार नाहीत. १९३७ साली अमेरिकेतील मिसिसिपी नदीत ऑल्टन गावापाशी दोन कोळ्यांना एक सापडली, ती हजार मैलांहून अधिक नदीमार्ग कापून आली होती. न्यूजर्सीतील मॅटावान खाडीत १९१६ च्या जुलैमध्ये एक मुलगा व त्याला शोधावयास पाण्यात उतरलेला एक तरुण असे दोघे एकाच दिवशी मुशीच्या हल्ल्यात मरण पावले. दोन दिवसांनी जवळच्या समुद्रात पांढरी शार्क पकडली गेली व दोष तिच्यावर आला. परंतु अरुंद खाडीत इतक्या आत शिरणारी बुल शार्कच असावी असे म्हणणारे जाणते लोक पुष्कळ आहेत. हा वाद आता मिटण्यासारखा नाही. सर्वांत विलक्षण गोष्ट ऑस्ट्रेलियातील क्वीन्सलँड प्रांतात कारब्रुक येथील गोल्फच्या मैदानावर घडली. १९९० नंतरच्या दशकात नदीला आलेल्या महापुरात काही पिल्ले त्या मैदानातील तळ्यात वाहून आली, पूर ओसरला आणि ती तेथेच अडकली. सुमारे सतरा वर्षे ती त्या तळ्यात राहिली, वाढली. खेळणारे लोक त्यांना पाहावयास काठावर जमत. निकाराग्वाविषयी जी कथा पंडितांनी कल्पिली होती ती अखेर खरी झाली, पण एका गोल्फच्या तळ्यात!

निकाराग्वाच्या सरोवरात मात्र आज ही दृश्ये दुर्मीळ झाली आहेत. थॉर्सन ज्या वर्षांत बिल्ले मोजीत होते त्याच वर्षांत तेथे व्यापारी मासेमारीने जोर धरला. मुशीचे पर दूरदेशी सुपासाठी जात, मांस खारवून विकले जाई. करवतमाशांची तर कत्तलच झाली. १९७० ते १९७५ या पाच-सहा वर्षांत साठ हजार ते एक लाख करवतमासे मारले गेले असा अंदाज आहे. मादी वयात यावयास बरीच वर्षे लागतात आणि पिल्ले मोजकी होतात. असा प्राणी बांगड्याप्रमाणे जाळे भरभरून काढावयाचा नसतो. १९८० च्या सुमारास जाळी रिकामी येऊ लागली. सरकारने करवतमाशांच्या शिकारीस तात्पुरती बंदी घातली, ती हे झाल्यानंतर. ज्या प्राध्यापकाने मुशीचा मार्ग शोधून काढला, त्यालाच १९८२ साली या विनाशाचा हिशेब लिहून प्रसिद्ध करावा लागला. आम्हांस या सर्व कथेत ही गोष्ट सर्वांत अधिक लागते. कोळ्यांना दोष देण्यास आमचे मन घेत नाही. ज्याच्या घरी चूल पेटावयाची आहे, त्याला व्यापारी दाम मोजून उभा राहिला तर तो जाळे टाकणारच. परंतु ते दाम दहा वर्षेही पुरले नाहीत, आणि सरोवर त्यांच्या मुलांसाठी रिते झाले.

आपल्या देशाचाही या विषयाशी संबंध आहे. गंगेत आणि हुगळीत मुशी आहे हे फार पूर्वीपासून ठाऊक होते. १८३९ साली म्युलर व हेन्ले या जर्मन पंडितांनी तिचे वर्णन केले. नदीत स्नान करणाऱ्यांवर होणारे हल्ले हिच्याच नावावर जमा होत गेले. पण गंगेची ही खरी मुशी, जिची जात बुल शार्कहून वेगळी आहे, अत्यंत दुर्मीळ आहे आणि बुल शार्कही त्याच पाण्यात शिरते. म्हणून पुष्कळ अपराध एकीचे व बदनामी दुसरीची, असे झाले असावे. दोघी दिसावयास सारख्या. पाठीवरचा मागचा पर पुढच्याच्या जवळजवळ निम्म्या उंचीचा असेल तर ती गंगेची, आणि त्याहून बराच लहान असेल तर बुल शार्क, अशी एक ढोबळ खूण सांगतात. गंगेची मुशी आज जगातून नाहीशी होण्याच्या अगदी काठावर असल्याचे मानले जाते. बुल शार्कही आता निर्धोक राहिलेली नाही. २००१ साली भारत सरकारने गंगेच्या मुशीस व करवतमाशांस वाघाच्या बरोबरीने वन्यजीव कायद्याच्या पहिल्या परिशिष्टात स्थान दिले.

आणि मग फेब्रुवारी २०१६ मध्ये मुंबईच्या ससून गोदीत रोजच्या मासळीच्या ढिगात एक मोठी मादी मुशी संशोधकांच्या दृष्टीस पडली. लांबी अंदाजे २६६ सेंटिमीटर. ती गंगेची मुशी होती. दहा वर्षांत या जातीचा एकही नमुना कोणाच्या नोंदीत आला नव्हता, आणि आला तो गंगेपासून इतक्या दूर, अरबी समुद्राच्या काठी, जेथे कोळणी पहाटे टोपल्या भरतात तेथे. अशा आणखी किती टोपल्यांतून गेल्या असतील, कोणी पाहिले?

हे सारे लिहून झाल्यावर आम्ही त्या बाईंस, त्या रविवारी मंदिराबाहेर भेटल्या असता, थोडक्यात सांगितले. त्यांनी ते शांतपणे ऐकून घेतले. मुशी नदीत गेली की तिच्या अंगातला युरिया निम्मा होतो, येथे त्यांनी आम्हांस थांबविले. "म्हणजे फादर, नदीत धरलेल्या मुशीला तो वास कमी येत असेल!" हा तर्क आमच्या मनात आला नव्हता. तो अगदी बरोबर आहे, आणि ॲमेझॉनच्या त्या वागळीला तर तो मुळीच येत नसावा.